पेपे, वय वर्षं ४१

आज सुट्टी, त्यात दिवसभर पाऊस. २०२४ च्या युरोमधली (युरोपातल्या देशांची फुटबॉल स्पर्धा) पोर्तुगाल-फ्रान्स मॅच पुन्हा लावली. १२० मिनिटं आणि गोल शून्य! असली मॅच दुसऱ्यांदा कोण बघतं, असं बायको म्हणाली. अगं, पोर्तुगालच्या बचावपटूसाठी, पेपेसाठी बघतोय. उशिरा मैदानात उतरलेला फ्रान्सचा मार्कस थुराम, पेपेहून १४ वर्षांनी लहान, चेंडूमागे सुसाट सुटतो आणि हा म्हातारा त्याच्या बरोबरीनं धावून त्याला अडवतो. मी सोफ्यावरून उठून ओरडलोच.

एके काळी मला हा माणूस अजिबात आवडायचा नाही. २००९ मध्ये रेआल माद्रिदकडून खेळताना खाली पडलेल्या, समोरच्या संघातल्या कास्केरोला त्यानं लाथा घातल्या. १० सामन्यांची बंदी आली. २०१४ च्या वर्ल्डकपमध्ये जर्मनीच्या म्युलरला डोकं लावून रेड कार्ड. ते अजूनही माफ करवत नाही, खरं सांगतो.

पण जन्म ब्राझीलमधल्या मासेयोचा, पोरवयात पोर्तुगालला आला, २००७ मध्ये तिथला नागरिक झाला आणि तिथल्याच जर्सीत १४१ सामने खेळला. रेआलकडून जिंकलेल्या तीन चॅम्पियन्स लीग (युरोपातल्या क्लबांची सर्वात मोठी स्पर्धा) आहेतच. २०१६ ची युरो फायनल मात्र वेगळीच. रोनाल्डो २५ व्या मिनिटाला जखमी होऊन बाहेर, समोर यजमान फ्रान्स, आणि पेपेनं बचाव असा धरला की सामनावीर तोच ठरला. बचावपटूला हा मान मिळतो कधी?

२०२४ ची ती मॅच पेनल्टीवर ५-३ अशी फ्रान्सनं जिंकली. तीच त्याची शेवटची. ऑगस्टमध्ये निवृत्ती जाहीर केली.

तुमचा आवडता डिफेंडर कोण? इटलीचा मालदिनी सोडून सांगा.