तीन चौकटींतला रशिया

छपाईच्या धंद्यात माणसाची नजर बिघडते. लग्नपत्रिका हातात आली की मी मुहूर्त नंतर वाचतो. आधी गणपतीच्या सोंडेबाहेर मॅजेंटा, म्हणजे गुलाबी शाई, आलाय का ते बघतो. कोल्हापुरात ३२ वर्षं ऑफसेट चालवलं. आता प्रेस पोराकडे आणि मी दुपारभर कॉम्प्युटरसमोर.

तिथे मला सर्गेई प्रोकुदिन-गोर्स्की सापडला. झार दुसरा निकोलस याच्या काळातला फोटोग्राफर. झारने त्याला डार्करूम असलेला रेल्वेचा डबा देवविला आणि १९०९ ते १९१५ या काळात तो रशियन साम्राज्य पालथं घालत हिंडला. मठ, नद्या, कारखाने, पार समरकंदचे मदरसेसुद्धा. क्रांतीनंतर देश सुटला. पॅरिसमध्ये १९४४ साली वारला. त्याच्या काचेच्या १,९०२ निगेटिव्ह १९४८ साली अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने त्याच्या वारसांकडून विकत घेतल्या, आणि आता सगळ्यांचे स्कॅन कुणीही घरबसल्या उतरवून घ्यावेत.

काच कृष्णधवलच. पण एकेका लांबट काचेवर एकच दृश्य तीनदा टिपलेलं, एकाखाली एक. वर निळ्या फिल्टरमधून, मध्ये हिरव्या, खाली लाल. अरे, हे तर आमचं कलर सेपरेशन, एका चित्राचे सायन (निळसर), मॅजेंटा असे रंग सुटे करणं! फरक इतकाच की आम्ही शाईवर शाई चढवतो आणि तो पडद्यावर उजेडावर उजेड टाकायचा.

लायब्ररीने रंग जुळवून तयार चित्रंही ठेवलीत. ती मी बघत नाही. आयतं रजिस्टर, म्हणजे रंगावर रंग नेमका बसणं, जुळलेलं बघण्यात कसली मजा? मी तीन चौकटींचा स्कॅन उतरवतो आणि चौकटी एकमेकींवर हाताने बसवतो.

पहिला घेतला मध्य आशियातल्या बुखाऱ्याचा अमीर आलिम खान, १९११ चा. निळ्या चौकटीत त्याचा अंगरखा उजळ, लाल चौकटीत काळपट. रंग चढवायच्या आधीच कळलं, गडी निळ्यात बसलाय. काचेवर आमच्यासारखे रंग जुळवायचे क्रॉसमार्क कुठले, म्हणून कंबरपट्ट्याची कड धरली आणि पिक्सेल पिक्सेल सरकवत नेलं. पाऊण तास गेला. मग एकदम तो निळा उघडला, त्यावरची फुलं उघडली. चहा गार झाला होता. (हा अमीरही पुढे राज्य गमावून काबूलला गेला आणि १९४४ सालीच वारला.)

नदीची चित्रं मात्र दमवतात. तीन वेळा टिपायला मधे थोडा वेळ जाणारच. काठावरचं घर जुळतं, झाड जुळतं, पाण्यावर मात्र लाल-हिरव्या-निळ्या रेघा राहतात. प्रेसमध्ये असं निघालं असतं तर अख्खा रीम रद्दीत घातला असता. इथे मी त्या रेघा मोठ्या करून बघत बसतो. पहिल्या आणि तिसऱ्या चौकटीच्या मधे लाट किती पुढे गेली, ते चक्क मोजता येतं.

गेल्या आठवड्यात आमचा जुना मशीनमन घरी आला. त्याला १९०९ मधल्या तीन शेतकरी पोरी दाखवल्या, लाकडी घरापुढे बशांत रानफळं घेऊन उभ्या असलेल्या. हा रशिया, शंभराहून जास्त वर्षांपूर्वीचा, असं सगळं सांगितलं. त्याने चष्मा कपाळावर चढवला, नाक स्क्रीनला टेकवलं.

"मालक, डावीकडच्या पोरीच्या बशीपाशी सायन खाली आलाय."

आला होता. दोन पिक्सेल.