'फाईल विमा कंपनीकडे आहे'

नागपूरच्या कामगार न्यायालयात नुकसानभरपाईच्या प्रकरणात मालकाची कैफियत (लेखी उत्तर) वाचायला घेतली की कुठेतरी हे वाक्य हमखास सापडते: क्लेम विमा कंपनीकडे प्रलंबित आहे, मंजूर होताच रक्कम देऊ. ज्या प्रकरणाबद्दल लिहितो आहे, त्यात या एका वाक्यापायी ठेकेदाराच्या खिशातून दहा लाखांवर रक्कम गेली.

जून 2021. बुटीबोरीतल्या कारखान्याच्या शेडवर काम करताना पत्रा तुटला, ठेकेदाराचा फिटर खाली पडला, मेडिकल रुग्णालयात नेईपर्यंत संपला. वय 35 पूर्ण. पगार 22,500, म्हणजे ईएसआयच्या (कर्मचारी राज्य विमा) 21,000 च्या मर्यादेबाहेर. त्यामुळे ईएसआयची दारे बंद आणि 1923 चा कर्मचारी भरपाई कायदा लागू. कायद्याच्या लेखी मालक म्हणजे हा ठेकेदारच, आणि त्याच्याकडे विमा होता. लोक त्याला अजून 'डब्ल्यूसी पॉलिसी' म्हणतात, कायद्याच्या जुन्या 'वर्कमेन्स कॉम्पेन्सेशन' या नावावरून.

अर्ज मी विधवा, दोन मुले आणि विधवा आईतर्फे लावला. सोबत एडी (अपघाती मृत्यूची) खबर, पंचनामा, पीएम (शवविच्छेदन) रिपोर्ट, वयासाठी शाळा सोडल्याचा दाखला आणि पगारासाठी बँकेचा खातेउतारा जोडला. खातेउतारा मुद्दाम. हजेरी रजिस्टर मालकाच्या ताब्यात असते आणि अपघातानंतर त्यात पगार कमी झालेला दिसतो.

उलटतपासणीच्या दिवशी ठेकेदार स्टॅम्प पेपर घेऊनच साक्षीला उभा राहिला. "मी तर त्यायले दोन लाख देऊन टाकले, साहेब. बाईची सही बी आहे. यापुढे काही मागणार नाही असं लिवलंय." कागद खराच होता, पैसेही खरेच दिले होते. पण मृत्यूच्या प्रकरणात भरपाई आयुक्तांकडेच, म्हणजे या कायद्याखाली काम पाहणाऱ्या कामगार न्यायालयाच्या न्यायाधीशांकडेच, जमा करावी लागते. कलम 8 प्रमाणे वारसांच्या हातात परस्पर दिलेले पैसे भरपाई म्हणून धरलेच जात नाहीत. सूट एवढीच की तीन महिन्यांच्या पगाराइतकी उचल वजा होऊन मालकाला परत मिळते. इथे ती 67,500. उरलेल्या 1,32,500 ला कायद्याच्या हिशेबात जागा नाही. आणि 'यापुढे मागणार नाही' हे लिहून घेणे कलम 17 मुळे मुळातच रद्दबातल. ठेकेदाराच्या वकिलांना हे माहीत नसेल असे मला वाटत नाही, त्यांना विचारले गेले नसावे.

मग सेफ्टी बेल्टचा मुद्दा आला. मृताने बेल्ट लावला नव्हता, हे सिद्धही झाले असते. पण नियम जाणूनबुजून मोडल्याचा बचाव मृत्यू किंवा कायमचे पूर्ण अपंगत्व आले असेल तर चालतच नाही. त्या एका मुद्द्यावर तीन तारखा गेल्या.

हिशेब सोपा असतो. पगार त्याहून जास्त असला तरी 3 जानेवारी 2020 पासून 15,000 च धरायचा. मृत्यूसाठी त्याच्या 50 टक्के, म्हणजे 7,500. त्याला कायद्याच्या तक्त्यातला 35 वयाचा गुणक 197.06. भरपाई 14,77,950. अंत्यविधीचे 5,000 वेगळे. खरी मारामारी व्याजाच्या तारखेवर होते. मालक म्हणतो निकालापासून, विमा कंपनी म्हणते निकालानंतर महिन्याने. वास्तविक प्रताप नारायण सिंग देव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या चार न्यायमूर्तींच्या पीठाने अपघाताच्या दिवशीच रक्कम देय होते असे सांगून ठेवले आहे. मध्ये 2007 च्या मुबासिर अहमद निकालाने घोळ घातला, तो 2012 मध्ये सिबी जॉर्ज प्रकरणात निस्तरला गेला. दर साल 12 टक्के. ऑक्टोबर 2024 पर्यंत 40 महिने झाले होते. महिन्याला 14,779 रुपये 50 पैसे धरून व्याज 5,91,180.

एवढे ऐकून ठेकेदार शांत होता, कारण त्याच्या लेखी सगळे विमा कंपनीने भरायचे. कंपनीच्या वकिलांनी पॉलिसीचे पान उघडून दाखवले. मुद्दल देऊ, व्याज आणि दंड कराराबाहेर. वेद प्रकाश गर्ग प्रकरणात (1997) कंपनीवर मुद्दलासोबत व्याजही आले होते, दंड मात्र मालकावरच. पण ती मोटार विम्याची पॉलिसी होती. साध्या डब्ल्यूसी पॉलिसीत कंपनी करार करून व्याज वगळू शकते, हे 2006 च्या हर्षदभाई मोधिया निकालात आले. पॉलिसी घेताना हे कलम कोणी वाचत नाही, एजंटही दाखवत नाही.

दंडाचा भाग आमच्याच बाजूचे लोक अनेकदा बिघडवतात. कलम 4अ खाली दंड मुद्दलाच्या 50 टक्क्यांपर्यंत लावता येतो, पण कारणे दाखवण्याची संधी दिल्याशिवाय नाही. निकालाच्या शेवटच्या ओळीत नुसता दंड लिहून घेतला, तर अपिलात नागपूर खंडपीठात तेवढा भाग हमखास अडकतो. म्हणून आम्ही वेगळा अर्ज देऊन नोटीस काढून घेतली. ठेकेदाराचे उत्तर दोनच ओळींचे: अपघात विमा कंपनीला कळवला होता, फाईल त्यांच्याकडे आहे. कळवला होता दीड महिन्याने. कंपनीने दोनदा पगार रजिस्टर मागितले, तेही दिले नव्हते. शिवाय दावा पूर्ण मान्य नसला तरी जेवढी जबाबदारी मान्य आहे तेवढी रक्कम आधी जमा करायची असते, हे त्याच कलमात आहे. त्याने एक रुपयाही जमा केला नव्हता. आयुक्तांनी 30 टक्के लावले: 4,43,385. व्याजासकट 10,34,565, सगळे ठेकेदाराचे. जुलै 2021 मध्ये मुद्दल भरून नंतर कंपनीशी भांडला असता तर यातले काहीच लागले नसते.

21 नोव्हेंबर 2025 पासून 1923 च्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आली, पण व्याजाचे 12 टक्के आणि दंडाची 50 टक्क्यांची मर्यादा तशीच आहे.

कंपनीने मुद्दल महिन्याभरात जमा केले. मुलांचा वाटा त्यांच्या नावे मुदत ठेवीत गेला. ठेकेदाराने अपील केले नाही, करायचे तर 60 दिवसांत आणि आधी रक्कम भरल्याचा दाखला जोडून करावे लागले असते. पैसेही भरले नाहीत. मग कलम 31 खाली जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली लावली. तहसीलची नोटीस दारावर चिकटल्यावर चौथ्या दिवशी डीडी आला.