डोल्डिंगर पेटीवर : तिसऱ्या महिन्याचा हिशेब

मंडळी, जर्मन संगीतकार क्लाउस डोल्डिंगरच्या तीन धुना कानाने उतरवून पेटीवर बसवायच्या, असं जाहीर करून बसलो होतो. आजची स्थिती : एक बसली, एक अर्धी, आणि तिसरीत साफ तोंडघशी पडलो.

बसलेली म्हणजे ‘टाटऑर्ट’. जर्मन टीव्हीवर रविवारी रात्री सव्वाआठला लागणारी ही पोलिसी मालिका २९ नोव्हेंबर १९७० ला सुरू झाली, ती अजून चालूच आहे. शीर्षकचित्रंही जवळपास तीच : डोळे, त्यांवर धरलेला नेम, पळणारे पाय. सगळा अर्ध्या मिनिटाचा मामला. सूर एका संध्याकाळी सापडले. वाजवलं, तर आतून बायको म्हणाली, “आज कसली आरती?”

दोन आठवडे चूक स्वरांत शोधत होतो. स्वर बरोबरच होते. मूळ ध्वनिमुद्रणात ड्रम वाजवलेत उडो लिंडेनबर्गने (पुढे जर्मन रॉकमधला बडा गायक झाला तोच), आणि धून पळते ती त्या ठेक्यावर. मी मात्र डाव्या हाताने भाता एकसारखा, भजनाला धरतात तसा धरला होता. आता ठेक्यावर छोटे झटके देतो, मध्ये चक्क सोडून देतो. पाय पळायला लागले! शिस्तीतले पेटीवाले नाकं मुरडतील. मुरडोत.

तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. डोल्डिंगर मुळात सॅक्सोफोनवाला. १९३६ चा जन्म, बर्लिनचा. ड्यूसेलडॉर्फला संगीत शिकला, तरुणपणी जॅझमध्ये रमला, १९७१ मध्ये ‘पासपोर्ट’ हा बँड काढला आणि सिनेमाचं काम करतानाही तो सोडला नाही. त्याच्या ओळी मला फुंकीच्या मापाच्या वाटतात. आपल्याकडे फुंकीच्या जागी भाता आहे, एवढं कळायला मला दोन महिने लागले.

अर्धी बसलेली ‘दास बोट’. १९८१ चा वोल्फगांग पेटरसनचा पाणबुडीपट. थिएटरात अडीच तास, टीव्हीवर भाग पाडून जवळपास पाच, १९९७ च्या आवृत्तीत साडेतीन. एवढा सगळा पसारा ती एक धून पेलते. सूर लांब आणि आतून फुगत जाणारे. भात्याचा जोर वाढवला की माझी जुनी पेटी कण्हते. १९९१ साली ‘यू९६’ या जर्मन गटाने हिचं टेक्नो (यंत्राच्या ठोक्यावरचं नाचाचं संगीत) केलं, ते पुढच्या वर्षी जर्मनीत पहिल्या क्रमांकावर गेलं. ते मात्र पेटीवर अर्ध्या तासात जमलं, कारण तिथे फुगायचं नाही, नुसतं ठोकायचं.

आता फजिती. ‘नेव्हरएंडिंग स्टोरी’ या सिनेमातला (१९८४, पुन्हा पेटरसनच) हस्तिदंती मनोऱ्याचा तुकडा दहा दिवस घासला. मग तबकडीचं कव्हर नीट वाचलं : तो जॉर्जियो मोरोडर या दुसऱ्याच संगीतकाराचा! परदेशी आवृत्तीसाठी मोरोडरचं संगीत घातलं होतं, लिमाल या गायकाचं शीर्षकगीतही त्यातलंच. जर्मन आवृत्तीत सगळं संगीत डोल्डिंगरचं. माझ्या तबकडीवर पहिले काही तुकडे मोरोडरचे, डोल्डिंगर त्यानंतर सुरू होतो. कव्हर आधी वाचावं, एवढी अक्कल चाळिशीनंतर तरी यायला हवी होती.

आता त्याच सिनेमातल्या बास्टियन या मुलाच्या उड्डाणाचा तुकडा घेतोय. तिथे एक सूर खालून घसरत वर जातो आणि पेटीवर मींड नाही. मी सध्या दोन पट्ट्या एकदम दाबून वेळ मारून नेतोय. कोणाकडे बरी युक्ती आहे का?