नियम नसलेला गिव्हअवे

आमच्या कामाचं कागदावरचं नाव भारदस्त आहे, पण आत त्याला सगळे 'क्यू उपसणं' म्हणतात. सोशल मीडियावरचा, लोकांनी तक्रार केलेला किंवा यंत्राने संशयावरून बाजूला काढलेला मजकूर एकामागून एक समोर येतो. ठेवायचा, काढायचा की वरच्या टीमकडे पाठवायचा, एवढंच ठरवायचं. वेळ सेकंदांत मिळतो. आधीच्या दोन आणि नंतरच्या दोन पोस्ट दिसतात. त्यापलीकडे डोकवायचं तर वेगळी खिडकी उघडावी लागते आणि ती उघडल्याची नोंद होते. काही निर्णय ऑडिटला जातात, तिथे चूक निघाली की अचूकतेचा टक्का घसरतो.

माझ्याकडे 'जीवाला धोका' या सदराची रांग असते. त्यातही मराठी, हिंदी आणि इंग्रजी एकाच वाक्यात कोंबून रोमन लिपीत लिहिणारे लोक. रोज जे येतं त्यातलं बरंचसं कुणाच्या जीवावर बेतलेलं नसतं, कारण फॅन मंडळी फार मरतात. दिवसातून चारदा मरतात आणि पाचव्यांदा 'आता मेलेच' म्हणून पोस्ट टाकतात.

त्यातही के-पॉपवाले, कोरियन पॉप गटांचे चाहते, म्हणजे यंत्राची सत्त्वपरीक्षा. गटातला सगळ्यात लाडका तो 'बायस'. त्याची जागा हिसकावू पाहणारा दुसरा सदस्य 'बायस रेकर'. सगळ्या गटांत मिळून ज्याच्यावर जीव ओवाळून टाकायचा तो 'अल्ट'. गाण्यातला डोक्यात घुसून बसणारा तुकडा 'किलिंग पार्ट'. कोरियातल्या सगळ्या मोठ्या चार्टवर गाणं एकाच वेळी पहिलं आलं की 'ऑल-किल'. नवं गाणं येणं म्हणजे 'कमबॅक', मग तो गट एक दिवसही कुठे गेलेला नसला तरी. आता 'रेकरने आज ठार मारलं, किलिंग पार्टला श्वास थांबला, उद्या ऑल-किल नाही झालं तर उडीच मारते' हे वाक्य यंत्राला दिलं तर ते बिचारं काय करणार? लाल दिवा लावतं.

म्हणून मी या शब्दांची माझी एक फाइल ठेवली आहे. ती कुणी सांगितली नव्हती आणि तिला टक्क्यात स्थान नाही. आमच्या लीडचं मत असं की ही रिकामटेकड्या पोरांची बोली आहे, सहा महिन्यांत बदलते, शिकून उपयोग काय. हेच गृहस्थ क्रिकेटच्या ग्रुपवर 'आज बोलर्सची कत्तल' लिहितात, तेव्हा त्यांना कुणी रांगेत टाकत नाही.

आणि ही बोली आजची नाहीच. सायन्स फिक्शनच्या चाहत्यांनी आपापली मासिकं काढायला सुरुवात केली, त्यांना 'फॅनझीन' हे नाव 1940 मध्ये लुई रसेल शॉव्हने या अमेरिकन चाहत्याने दिलं. 1944 मध्ये जॅक स्पीअरने चाहत्यांच्या शब्दांचा आख्खा कोश काढला, 'फॅनसायक्लोपीडिया'. कौतुकाने होणाऱ्या गुदगुल्यांना त्यांच्यात 'इगोबू' म्हणत. मला त्यांचा सगळ्यात आवडता शब्द 'गाफिया'. या सगळ्यातून दूर जाणं, असं सांगणाऱ्या इंग्रजी शब्दांच्या आद्याक्षरांचा तो बनला आहे. सुरुवातीला त्याचा अर्थ होता जगापासून पळून चाहत्यांच्या दुनियेत येणं. पुढे तो उलटला आणि त्या दुनियेतून बाहेर पडणाऱ्याला लागू झाला. नोकरी-संसारामुळे नाइलाजाने बाहेर पडावं लागलं तर 'फाफिया'. चाहता असणं सोडून देण्याला आजच्या पोरांचा शब्द 'डी-स्टॅन'. त्यातला 'स्टॅन' हा 2000 सालच्या एका रॅप गाण्यातला चाहता, जो वेडापायी स्वतःचा आणि दुसऱ्याचाही जीव घेतो. त्याचं नाव हे लोक बिरुदासारखं मिरवतात.

हे सगळं सांगतोय कारण त्या दिवशी माझ्या उपयोगी पडली ती ही बाहेर पडण्याची शब्दावली. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

कमबॅकचा दिवस होता. 2017 मध्ये कोरियातल्या चार्टचे नियम बदलले, तेव्हापासून मध्यरात्री गाणी टाकण्यात फायदा उरला नाही आणि बरीचशी गाणी तिथल्या संध्याकाळी सहाला येतात. मी ती वेळ बघून चहा आधीच घेऊन ठेवतो. तिथे सहा वाजले आणि इथे रांग फुगली. त्यात नेहमीचं मरण होतंच, शिवाय विरोधी गटाच्या चाहत्यांनी मोहीम उघडली होती. हे लोक शिस्तीने काम करतात. कुठल्या खात्यावर, कुठलं सदर निवडून तक्रार करायची याच्या सूचना फिरतात, शेऱ्याचा मजकूरसुद्धा तयार असतो. एकेका पोस्टवर शेकडो तक्रारी, सगळ्यांखाली तेच वाक्य, त्यातली शुद्धलेखनाची चूकही तीच. तक्रारीचं बटण दाबण्यात जेवढा उत्साह आहे, त्याच्या दशांश जरी वाचण्यात असता तर माझी रांग निम्मी झाली असती. या प्रकारामुळे आमच्यातले बहुतेक जण शेरा उघडतच नाहीत. तो घडी घातलेला असतो, बाणावर क्लिक करावं लागतं.

एका पोस्टवर मात्र तक्रार एकच होती. शेकड्यांच्या दिवशी एकच तक्रार आली की माझा हात थांबतो. मोहीम एकट्याने निघत नाही. शेरा उघडला:

'मी हिला ओळखत नाही. दोनदा ट्रेड केलंय फक्त. ती बायंडर वाटून टाकतेय, एनएफएसची पानंपण. डी-स्टॅन केलेलं नाही. फॉलो करा, रिपोस्ट करा असलं काही नाही. पोस्टेजपण स्वतः भरणार म्हणतेय. प्लीज कुणीतरी माणसाने बघा.'

पोस्टमध्ये बायंडरच्या पानांचे फोटो होते. बायंडर म्हणजे फोटोकार्डांची वही. अल्बमच्या आत कलाकाराचा छोटा फोटो येतो, साडेपाच बाय साडेआठ सेंटिमीटर, आणि आत कुणाचा निघेल ते नशिबावर. 2010 मध्ये गर्ल्स जनरेशन या गटाच्या अल्बमपासून ही प्रथा रुजली आणि आता तिच्याभोवती मोठा व्यवहार चालतो. विकायचं असेल तर 'डब्ल्यूटीएस', बदलायचं असेल तर 'डब्ल्यूटीटी'. आधीचे व्यवहार नीट झाल्याची साक्ष म्हणजे 'प्रूफ्स', ती खात्याच्या माथ्यावर चिकटवतात. जे कार्ड कुठल्याही भावाला द्यायचं नाही ते 'एनएफएस'. गिव्हअवे रोज होतात, पण त्यांनाही नियम असतात: फॉलो करा, रिपोस्ट करा, अमुक तारखेला चक्र फिरवून विजेता काढू. फुकट देणाऱ्यालाही बदल्यात काहीतरी हवं असतं, निदान चार फॉलोअर.

हिने काहीच मागितलं नव्हतं. लिहिलं होतं, 'ज्यांना हवी त्यांनी मेसेज करा. सगळी मिंट आहेत. तिसऱ्या पानावरच्या एकाचा कोपरा दुमडलाय, वेगळ्या फोटोत दाखवलाय.' मिंट म्हणजे कोरं करकरीत. फुकट देतानाही दुमडलेला कोपरा सांगायचा, हा जातिवंत संग्राहकाचा प्रामाणिकपणा. त्या कोपऱ्याचा फोटो तिने प्रकाशात तिरका धरून काढला होता, घडी नीट दिसावी म्हणून.

शेजारी बसणारी सहकारी स्वतः फॅन आहे. तिला फक्त एवढंच विचारलं, "एनएफएसची पानं कुणी फुकट वाटतं का गं?"

तिने हेडफोन काढले. "कोण वाटतंय?"

"अल्टची आहेत."

"डी-स्टॅन लिहिलंय?"

"नाही."

"मग मागचं बघ. आत्ता बघ."

खिडकी उघडली. साधी कारणं आधी तपासली. घरच्यांनी बंदी घातली की पोरं तसं लिहितात, वर रडतात. पैशांची नड असेल तर 'रश सेल'. मन उडालं असेल तर लांबलचक निरोपाची पोस्ट, त्यात व्यवस्थापन कंपनीला शिव्या. आवरासावर असेल तर 'डिक्लटर', पण तेव्हा दुय्यम कार्डं जातात, अल्ट राहतो. या दुनियेत गुपचूप कुणी जात नाही. जाण्याच्या प्रत्येक प्रकाराला शब्द आहे आणि तो शब्द वापरायची रीत आहे. हिच्याकडे त्यातला एकही नव्हता.

जे होतं ते असं. काही आठवड्यांपूर्वी तिने ग्रुप ऑर्डरमधली, म्हणजे अनेकांनी मिळून करायच्या खरेदीतली, स्वतःची जागा दुसऱ्या मुलीला देऊन टाकली होती, नेमकी त्याच दिवशी येणाऱ्या अल्बमची. अर्धवट राहिलेले सगळे ट्रेड एकेक करून पुरे केले होते. आदल्या दिवशीची पोस्ट: 'सगळ्यांचं पोचलं ना? माझं कुणाला काही देणं राहिलं असेल तर उद्यापर्यंत सांगा.' आणि कमबॅकच्या दिवशी, गाणं येऊन तास उलटला तरी, त्या गाण्याबद्दल एक अक्षर नाही. महिनाभर आधीपासून दिवस मोजणारं खातं होतं ते.

जिव्हाळ्याच्या वस्तू वाटून टाकणं आणि देणीघेणी मिटवणं ही धोक्याची खूण मानतात, ते आम्हाला प्रशिक्षणात शिकवलेलं आहे. त्या तक्त्यात घड्याळ, दागिने, पाळीव प्राणी अशी उदाहरणं होती. फोटोकार्ड नव्हतं.

वर पाठवण्याच्या फॉर्ममध्ये एक रकाना सक्तीचा आहे: 'नियमाला लागू पडणारं वाक्य येथे चिकटवा.' असं वाक्यच नव्हतं. मरण, झोप, कंटाळा, काही नाही. मी 'देणं राहिलं असेल तर उद्यापर्यंत सांगा' चिकटवलं, खाली चार ओळी खुलासा लिहिला आणि तातडीचा शिक्का मारला. पुढे ती विशेष टीम मदतीचे क्रमांक पाठवते, परिस्थिती गंभीर वाटली तर स्थानिक यंत्रणेला कळवते. आमच्याकडे परत काही येत नाही. पाठवलं की तिकीट कुलूपबंद होतं, आणि कामाबाहेर ते खातं शोधून बघणं हा शिस्तभंग. नियम योग्यच आहे. तिचं पुढे काय झालं ते मला माहीत नाही, आणि हे लिहायला बसलो त्याचं निम्मं कारण ते आहे.

उरलेलं निम्मं कारण ऑडिट. ते तिकीट नमुन्यात निघालं आणि शेरा आला: 'अनावश्यक एस्कलेशन. इजेचा उल्लेख नाही. गिव्हअवे अनुमत.' ऑडिटर माणूस वाईट नाही. पण त्याच्यापुढे मूळ पोस्ट आणि आजूबाजूच्या चार पोस्टच येतात. दुमडलेल्या कोपऱ्याचा फोटो त्याने बघितला असेल, आणि एक मुलगी नीटनेटकी आहे एवढंच त्याला दिसलं असेल. त्याच दिवशी 'उडीच मारते'वाल्या पोस्ट मी ठेवल्या, त्या सगळ्या बरोबर धरल्या गेल्या. म्हणजे ओरडणाऱ्यांचं मला कळतं, गप्प बसणाऱ्यांचं कळत नाही, असा माझा अधिकृत हिशोब.

लीडने मध्यस्थी केली ती त्यांच्या पद्धतीने. "शब्दांची यादी दे, यंत्राला शिकवू. गिव्हअवे, बायंडर, फुकट." मी म्हटलं, सर, कमबॅकच्या दिवशी गिव्हअवेंचा पूर येतो, आपण त्यातच बुडू. बघायचं आहे ते नियम नसणं, पोस्टेज न मागणं, डी-स्टॅन न म्हणणं. ते म्हणाले, "जे लिहिलेलंच नाही ते यादीत कसं घालणार?" प्रश्न बिनतोड होता. तरी मी अर्धं पान वर्णन लिहून दिलं. ते परत आलं, कारण शब्दांच्या यादीच्या तक्त्यात एका चौकटीत एकच शब्द मावतो.

मला सगळ्यात जास्त डाचतं ते त्या तक्रारीचं. दोनदा कार्डं बदललेल्या एका अनोळखी पोरीने जे चार ओळींत ओळखलं, ते ओळखायला आमच्याकडे सदर नाही. आणि तिच्यासारखाच शेरा लिहायला बसलेले शेकडो जण त्याच तासाला धादांत खोटं लिहीत होते. दोघं एकाच दुनियेतले. शेरे वाचा म्हणावं तर खोट्यांत वेळ जातो, वाचू नका म्हणावं तर ही हातची जाते.

पहिलं अपील फेटाळलं गेलं. कारण दिलं की तक्रारदाराचा शेरा पुरावा धरता येत नाही. दुसरं अपील लिहायला घेतलं आहे. त्यात बायंडर म्हणजे काय इथपासून सुरुवात करावी लागतेय आणि एनएफएसपर्यंत येईतो शब्दमर्यादा संपतेय. सहकारी म्हणाली, "कोपऱ्याचं काढू नकोस, दुसरं काहीतरी कमी कर." सध्या प्रूफ्सचा परिच्छेद काढून बघतोय.