उतरणारा षड्ज

ग्वाल्हेरच्या लष्कर नावाच्या भागात राहणाऱ्या एका वयोवृद्ध गायिकेवर मी माहितीपट करीत होते. संगीतशास्त्रज्ञ भातखंड्यांच्या पुढाकाराने 1918 साली सुरू झालेल्या माधव संगीत महाविद्यालयात त्या शिकल्या आणि पुढे आयुष्यभर घरीच मुलींना शिकवत राहिल्या. सगळे त्यांना बाईच म्हणतात. रियाजाचे चित्रण करू द्यायला त्यांनी पहिल्याच भेटीत नकार दिला होता. मे महिन्यातल्या एका दुपारी गौड सारंग रागातला, तिलवाडा या सोळा मात्रांच्या तालातला ख्याल शिष्येला सोबत घेऊन गायचा, एवढेच त्यांनी मान्य केले.

ध्वनिमुद्रकाने पंखा आणि कूलर बंद करायला लावले, कारण त्यांची घरघर तंबोऱ्याच्या नादात मिसळली की नंतर वेगळी काढता येत नाही. रस्त्यावरच्या गाड्यांसाठी खिडक्याही लावून घेतल्या. ग्वाल्हेरचा मे ज्यांनी काढला आहे त्यांना पुढचे सांगायला नको. खोली तापली तशा तंबोऱ्याच्या तारा स्वरातून उतरू लागल्या, आणि बाई तालाची दोन आवर्तने गाऊन थांबत, तारांवरचे मणी सरकवीत, घोडीवरचा जवारीचा, म्हणजे नाद खुलवणारा, दोरा बोटाने किंचित हलवीत आणि पुन्हा कान लावून बसत. कॅमेरा बंद करू का, असे मी विचारले.

"असू दे गं चालू. तंबोरा लावताना मला कुणाची लाज वाटत नाही," त्या म्हणाल्या.

मग त्यांनी पंचमाची तार शिष्येकडे सोपवली. तिने लावलेला पंचम त्यांना पटेना. तिला रागावता रागावता त्या आपल्या गुरूंविषयी बोलू लागल्या. ते ग्वाल्हेरचे गायक राजाभैया पूछवाल्यांकडे शिकलेले, आणि तंबोरा जुळल्याशिवाय मुलींना तोंड उघडू देत नसत. बोलताना मुखडा, म्हणजे समेकडे नेणारा बंदिशीचा तुकडा, आला, शिष्येने तो समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर, नीट आणला नाही, तेव्हा बाईंनी तो वेगवेगळ्या अंगांनी तिच्याकडून घोटून घेतला. ज्याला नकार मिळाला होता तेच आता समोर चालले होते. कॅमेरा शिष्येच्या खांद्यामागे, जमिनीलगत होता, त्यामुळे बाईंची नजर तिच्यावरच राहिली आणि आम्ही तिथे आहोत हे त्या बहुधा विसरल्या.

संकलनाला बसल्यावर खरी अडचण कळली. ख्याल मधूनच कापला तर सोळा मात्रांचा हिशेब मोडतो, हे आम्हा सर्वांना ठाऊक असते आणि म्हणून आपण पूर्ण आवर्तनेच काढतो. इथे षड्जच, म्हणजे गाण्याचा आधारस्वर 'सा'च, हळूहळू खाली सरकत होता आणि तंबोरा लावला की पुन्हा वर येत होता. दूरचे दोन तुकडे जोडले की स्वर एकदम चढल्यासारखा ऐकू येई, आणि तंबोरा पुन्हा लावतानाचा भाग मध्ये असल्याशिवाय तो चढ कानाला पटत नसे. म्हणजे जे आपण एरवी पहिल्यांदा फेकून देतो, तेच ठेवणे भाग होते. माहितीपटाची लांबी कमी करण्याची मागणी आली, तेव्हा मी सगळी कात्री बाईंच्या मुलाखतीवर चालवली आणि ही दुपार होती तशी ठेवली.