किंकाळीच्या आधी हसू

पडद्याकडे पाठ करून बसायची सवय मला पहिल्या फिल्मपासून लागली. टेस्ट स्क्रीनिंगला, म्हणजे फिल्म पक्की होण्याआधी थोड्या लोकांना दाखवून बघतात तेव्हा, दिग्दर्शकाने स्वतःची फिल्म बघून काय उपयोग, ती तर पाठच असते. बघायचे ते लोकांचे पाय. चेहऱ्यावर भीती दिसू न देण्याची माणसं खटपट करतात, चारचौघांत तर जास्तच. पायांकडे मात्र त्यांचं लक्ष नसतं. आधी घोटे एकमेकांत अडकतात, मग चपला सुटतात, मग एखादा पाय हळूच खुर्चीवर येतो. त्या सकाळी बावीस जण बसले होते आणि एकोणसाठाव्या मिनिटाला त्यातल्या चौदा जणांचे पाय वर होते. मी वहीत आकडा लिहून घेतला. पुढच्याच मिनिटाला आमचं भूत येणार होतं.

ते आलं, आणि तिसऱ्या रांगेतली एक मुलगी फिस्सकन हसली.

हॉररवाल्यांना हसण्याचं वावडं नसतं. दचकल्यानंतर सेकंदभराने जे हसू फुटतं ती तर आमची पावती. माणूस घाबरला होता आणि आता स्वतःलाच हसतोय, एवढाच त्याचा अर्थ. पण त्यात क्रम असतो, किंकाळी आधी आणि हसू मग. इथे किंकाळी आलीच नाही. त्या मुलीच्या शेजारचा हसला, मग ती अख्खी रांग हसली, आणि चौदाच्या चौदा जणांचे पाय एकेक करून जमिनीवर आले. त्यानंतरची पस्तीस मिनिटं पाय जागचे हलले नाहीत. एक जण तर मोबाइल बघत होता.

तो शॉट अकरा सेकंदांचा होता. नटाच्या चेहऱ्याचा साचा घ्यायचा, त्यावर मातीत चेहरा घडवायचा, मग सिलिकॉन ओतायचं, असं आठवडे चाललं होतं. शूटिंगच्या दिवशी ते तुकडे चिकटवायला पाच तास लागले. सिलिकॉनची कड कागदाहून पातळ असावी लागते, नाहीतर कातडीवर ती रेघ दिसते. नटाला पाच तास बोलायचं नाही, चावायचं नाही, पाणी प्यायचं तर स्ट्रॉने. पहाटेपर्यंत तीन टेक झाले. तिसऱ्याला घामाने वरच्या ओठाची कड सुटली आणि मी पॅकअप म्हणाले.

आणि आता ते लोक हसत होते.

हॉररच का, असं मला कायम विचारतात. भुताखेतांवर विश्वास आहे का, लहानपणी काही दिसलं होतं का, वगैरे. खरं उत्तर रुक्ष आहे. मी चार वर्षं सेटवर बूम, म्हणजे लांब दांडीचा माइक, धरायचे. स्वतःची फिल्म करायची तर माझ्याकडे नाव नव्हतं, स्टार नव्हता, पैसा तर नव्हताच. हॉररमध्ये एक घर, चार नट आणि रात्र एवढ्यावर भागतं, कारण तिकीट भीतीवर विकलं जातं. ओरेन पेली यांनी ‘पॅरानॉरमल अ‍ॅक्टिव्हिटी’ स्वतःच्याच घरात सुमारे १५,००० डॉलरमध्ये चित्रित केली, हे आमच्यातला प्रत्येक नवखा जपमाळेसारखं म्हणतो. २००७ साली फेस्टिव्हलमध्ये दाखवलेली ती फिल्म सगळीकडे लागायला २००९ उजाडलं, मधल्या काळात तिचा शेवट बदलला आणि मागे एक मोठा स्टुडिओ उभा राहिला. हे मात्र कुणी म्हणत नाही. मीही म्हणायचे नाही.

माझी पहिली फिल्म पूर्ण झाली, दोन फेस्टिव्हलांत गेली, आणि एका वितरकाने ती उचलली. करारात सगळे हक्क, सगळे प्रदेश, सगळी माध्यमं, पंचवीस वर्षं असं लिहिलं होतं. वाचलं होतं मी ते. पण पहिला करार माणूस डोळ्यांनी वाचतो, डोक्याने नाही. त्यात ‘प्रसिद्धीचा खर्च वजा जाता’ असे चार शब्द होते. खर्चाला कमाल मर्यादा घातलेली नव्हती, त्यामुळे वजा जाता काही उरलंच नाही. हिशोब मागितला की मेल जायचं आणि उत्तर यायचं नाही. स्वतःचं सांत्वन म्हणून मी दिग्दर्शक जॉर्ज रोमेरो यांची गोष्ट आठवायचे. १९६८ च्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’चं नाव ऐनवेळी बदललं, नव्या नावाची पाटी घालताना वितरकाकडून कॉपीराइटची ओळच राहून गेली, आणि तेव्हाच्या अमेरिकी कायद्याप्रमाणे फिल्म सरळ सार्वजनिक मालकीची झाली. कुणीही छापावी, कुणीही विकावी. त्यापुढे माझं नुकसान म्हणजे किरकोळ.

किरकोळ, पण ते माझ्या एकटीचं नव्हतं. त्या फिल्मचा प्रोस्थेटिक मेकअप, म्हणजे असे सिलिकॉनचे चेहरे, जिने केला तिचा शेवटचा हप्ता मी दोन वर्षांनी दिला, दुसऱ्यांच्या फिल्मवर बूम धरून. तिने एकदाही मागितला नाही, आणि पुढच्या दोन्ही फिल्मना आली. आत्ता ज्याला लोक हसले तो चेहरा तिचाच.

दुपारी एडिटला बसलो. संकलकाने काही न बोलता ते अकरा सेकंद टाइमलाइनवरून उचलून बाजूला ठेवले.

‘‘असं नको ना करूस,’’ मी म्हणाले. ‘‘छोटा कर. चार सेकंद ठेव.’’

‘‘चार सेकंदांत चार सेकंद हसतील.’’

तरी चार करून बघितले, मग दीड, मग बारा फ्रेम. बारा फ्रेम म्हणजे अर्धा सेकंद. हसू नाही आलं, पण भीतीही वाटेना. नुसतं काहीतरी चमकून गेल्यासारखं वाटायचं. चूक मेकअपची नव्हतीच. एकोणसाठ मिनिटं आम्ही त्या बावीस जणांना दाराआड काय आहे ते ज्याचं त्याला ठरवू दिलं होतं, आणि साठाव्या मिनिटाला मी दिवा लावून म्हणाले, हे बघा, हे आहे. प्रत्येकाच्या डोक्यातलं भूत त्याच्या मापाचं होतं. माझं सगळ्यांना एकच.

मग आम्ही चेहरा काढला आणि दाराचा शॉट लांबवला. सतरा सेकंद नुसतं अर्धवट उघडं दार. इथे माझी जुनी नोकरी कामाला आली. प्रत्येक खोलीत शूटिंग संपलं की सगळ्यांना गप्प उभं करून मी मिनिटभर त्या खोलीची शांतता रेकॉर्ड करते. सगळे वैतागतात. पण फिल्ममध्ये शांतता हवी म्हणून आवाज पुरता बंद केला तर प्रेक्षकाला भीती वाटत नाही, स्पीकर बिघडला असं वाटतं. शांततेलाही आवाज लागतो. आमच्या त्या खोलीला एक बारीक घूं होती, दुरून येणारी. सतरा सेकंदांत ती आम्ही इतकी हळू उतरवली की कमी होतेय हे कळू नये, फक्त आपले कान टवकारले गेलेत एवढंच कळावं.

पुढे काय, ते सुचेना. १९४२ च्या ‘कॅट पीपल’मध्ये एक बाई रात्री रस्त्याने घाबरून चालत असते, मागे कुणीतरी आहे असं आपल्यालाही वाटत असतं, आणि फिस्स करून थांबते ती बस. आपण दचकतो ते तिच्या आवाजाने. आजही साउंडवाले या युक्तीला ‘बस’च म्हणतात. आम्ही दाराचा करकर आवाज घालून बघितला, पाल टाकून बघितली. सगळं आयतं वाटत होतं. कान टवकारून घेतले, पण त्यांना द्यायला आमच्याकडे काही नव्हतं.

संध्याकाळी मी मेकअप करणाऱ्या मैत्रिणीला फोन केला. फोनवर सांगायचा धीर झाला नाही, ये म्हणाले फक्त. ती आली, तिने जुना कट बघितला, मग नवा. मी कारणं सांगायला लागले तर हाताने गप्प केलं.

‘‘ओठाची कड दिसतेच आहे तशीही,’’ ती म्हणाली. ‘‘तिसऱ्या टेकचं शेवटपर्यंत लाव.’’

‘‘त्यात मी कट म्हणालेय.’’

‘‘तू म्हणालीस. कॅमेरा चालू होता.’’

लावलं. माझा आवाज येतो, कट, पॅकअप. नट वळतो आणि दाराबाहेर जातो. पाच तास सिलिकॉनखाली आणि रात्रभर पायांवर असलेला माणूस. चौकटीत आता कुणीच नाही. मग दाराच्या कडेवर बाहेरून चार बोटं येतात. तो पलीकडे टेकून उभा राहिला असणार. बोटांत जोर नाही, ती कडेवरून थोडी घसरतात, परत धरतात.

संकलकाने ते तीनदा चालवलं. मग माझा आवाज काढला, खोलीची शांतता खाली घातली, आणि तो तुकडा सतराव्या सेकंदाला लावला. बोटं घसरतात तिथे एकोणीस फ्रेम ठेवून काळं केलं.

ती खुर्ची पुढे ओढून पडद्याजवळ गेली. ‘‘हातावर मी काहीच केलेलं नव्हतं त्या दिवशी,’’ ती म्हणाली. ‘‘वेळच नव्हता. ही त्याचीच नखं आहेत.’’

‘‘चेहरा पूर्ण जातोय मग,’’ मी म्हणाले. ‘‘एक फ्रेमही राहत नाही.’’

‘‘मला दिसतंय ना.’’ थोडा वेळ गेला. ‘‘पैसे मात्र या वेळी आधी दे.’’

आम्ही तिघंही हसलो. सेव्ह करताना त्या तुकड्याला नाव द्यायचं होतं. संकलकाने ‘थकला’ असं टाइप केलं. फायनल मिक्सपर्यंत तेच नाव राहिलं.