आमची वाटचाल: लाइन प्रॉडक्शन ते दिग्दर्शन

कोल्हापुरात आमच्या संस्थेची सुरुवात लाइन प्रॉडक्शनपासून झाली. मुंबईचं युनिट यायचं ठरलं की पन्हाळ्यावरच्या परवानग्या, मोरेवाडीच्या चित्रनगरीतलं बुकिंग, जनरेटर, जेवण, गर्दीच्या प्रसंगांसाठी माणसं, सगळं आम्ही बघायचो. दिवसाचा पैसा कुठे जातो आणि त्यातला पडद्यावर किती उतरतो, हे तिथे कळलं.

पुढे स्वतः निर्माते झालो. सेन्सॉरचं प्रमाणपत्र हातात आलं तरी जाहिरात आणि डिजिटल प्रक्षेपणाचं शुल्क डोक्यावर असतंच, आणि आडवेळेचे शो मिळाले तर पहिल्याच आठवड्यात चित्रपट उतरतो. राज्य शासनाचं अनुदान दर्जा ठरल्यावर, म्हणजे फार नंतर येतं. म्हणून प्रदर्शनाचे पैसे चित्रीकरणाआधीच बाजूला काढा, असं मी प्रत्येक नव्या निर्मात्याला सांगतो.

दिग्दर्शनाकडे वळलो ते ऊसतोड कामगारांवरच्या पटकथेमुळे. दिवाळीच्या सुमारास बीडकडच्या टोळ्या आमच्या भागात येतात, कोप्या म्हणजे पाचटाच्या झोपड्या उभ्या राहतात, आणि गळीत हंगाम संपेपर्यंत मुक्काम तिथेच. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. मुकादमाकडून घेतलेली उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, फिटेपर्यंत दोघं राबतात. ज्या दिग्दर्शकांना पटकथा दिली, त्यांना एकाच शेड्यूलमध्ये, म्हणजे सलग काही दिवसांत, काम हवं होतं. त्यांच्या तारखा पाहता ते रास्तच होतं. मला मात्र उभा फड, मोकळं झालेलं रान आणि उठणाऱ्या कोप्या, तिन्ही हवं होतं.

हंगामभर थोडं थोडं चित्रीकरण करायचं तर मोठं युनिट परवडत नाही. व्हॅनिटी व्हॅन नाही, जनरेटर नाही, पहाटेच्या उजेडातच काम. वाचलेला पैसा सिंक साउंडवर, म्हणजे चित्रीकरणाच्या वेळीच आवाज टिपण्यावर घातला, कारण कोयत्याचा घाव आणि पाचटाची सळसळ मला फडातलीच हवी होती. चित्रीकरणाच्या दिवशी टोळीची तोड बुडते, म्हणून तोडीच्या दराने मजुरी बजेटमध्ये पहिल्यापासून धरली. कलाकारांना कोयता धरायला टोळीतल्या बायकांनीच शिकवलं. त्याचं मानधन वेगळं. यातला कुठला निर्णय निर्मात्याचा आणि कुठला दिग्दर्शकाचा, हे मला वेगळं काढता येत नाही. कोल्हापुरातच 1929 साली सुरू झालेल्या प्रभात फिल्म कंपनीमध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल हे भागीदारच दिग्दर्शन करत. त्या परंपरेचा मला मनापासून अभिमान आहे.

कच्चं संकलन घेऊन आम्ही गोव्याच्या फिल्म बाजार या चित्रपटांच्या बाजारपेठेत गेलो. एनएफडीसी, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ, 2007 पासून इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या जोडीने तो भरवते. तिथल्या व्ह्यूइंग रूममध्ये महोत्सवांचे निवडकर्ते आणि खरेदीदार चित्रपट पाहतात. आम्हाला तिथे सर्वांत मोलाचं काही मिळालं असेल तर परक्या माणसांची मतं. मुकादमाचं लांबलेलं भाषण त्यानंतरच कापलं, आणि मध्यंतरानंतरचा भाग सावरला.

बाहेरच्या निर्मात्यांची कामं आजही घेतो. ऑफिसचे पगार त्यातूनच निघतात, आणि पुढच्या पटकथेला हवा तेवढा वेळ देता येतो.